कात्री कोणाच्या हाती?

खेळाडू घडवण्यात कोणाकोणाचा हात असतो असे विचारले तर आपण चटकन सांगू : आईबापांचा, वस्तादाचा, खुराकाला पैसे देणाऱ्या गावाचा. यादी थोडी लांबवली तर मालिश करणाऱ्याचे आणि हलगी वाजवणाऱ्याचेही नाव तीत येईल. पण खेळाडू एकदा घडला, जिंकला किंवा हरला, आणि मैदानातून घरी गेला, की पुढे त्याचे काय होते? पन्नास वर्षांनी त्याला कोण ओळखतो? या प्रश्नाचे उत्तर ज्याच्या हाती असते तो माणूस आपल्या यादीत कधीच नसतो. तो अंधाऱ्या खोलीत बसलेला असतो. त्याच्यापुढे चित्रीकरणाचा ढीग असतो आणि हातात कात्री असते. त्याला संकलक म्हणतात. खेळांवरच्या अनुबोधपटांचे संकलन आणि निर्मिती हा एक स्वतंत्र पेशा आहे, त्यात माणसाचे पुरे आयुष्य खर्ची पडू शकते. अशी माणसे आपल्याकडे जवळजवळ नाहीत, आणि म्हणूनच आपण आपले खेळाडू इतक्या लवकर विसरतो, असे माझे स्पष्ट मत आहे.

असे आयुष्य ज्याने खर्ची घातले त्या अमेरिकन गृहस्थाचे नाव बड ग्रीनस्पॅन. १९२६ साली न्यूयॉर्कमध्ये जन्मला, २०१० च्या नाताळात तिथेच वारला. टकलावर चढवून ठेवलेला चष्मा ही त्याची खूण. विशीतच तो न्यूयॉर्कच्या एका रेडिओ केंद्राचा क्रीडाविभाग पाहू लागला आणि १९४८ साली लंडनच्या ऑलिम्पिकला गेला. तिथून त्याने वेम्ब्लीच्या एका टेलिफोनच्या खोक्यात उभे राहून बातम्या सांगितल्या. पुढे अंगावर येणारे भव्य चित्रपट काढणाऱ्या माणसाची सुरुवात अशी, हातभर जागेतून झाली.

आता हीच दोन साले आपल्या बाजूने पाहा. कराडजवळच्या गोळेश्वरचे खाशाबा जाधव यांचा जन्मही १९२६ चाच. १९४८ साली तेही लंडनलाच होते. मातीत वाढलेल्या या मल्लाने तिथे मॅटवर फ्लायवेट गटात सहावा क्रमांक मिळवला. १९५२ साली हेलसिंकीला दोघेही पुन्हा एकाच गावात आले. खाशाबांनी बँटमवेट गटात कांस्यपदक मिळवले. स्वतंत्र भारताचे ते पहिले वैयक्तिक ऑलिम्पिक पदक. त्यांना पाठवण्यासाठी कोल्हापूरच्या राजाराम कॉलेजचे प्राचार्य खर्डेकर यांनी आपले राहते घर गहाण टाकून सात हजार रुपये उभे केले होते. (आपल्या प्राचार्यांनी हे वाचून दचकू नये, आमच्यात सध्या कोणी खाशाबा नाही.)

ग्रीनस्पॅन त्याच हेलसिंकीत काय करत होता? जॉन डेव्हिस नावाच्या कृष्णवर्णीय अमेरिकन वजनउचल्यावर चित्रपट काढत होता. या दोघांची ओळख न्यूयॉर्कच्या ऑपेरामध्ये झाली होती. ग्रीनस्पॅन तिथे भालदार-चोपदारांच्या गर्दीत उभा राहून चार पैसे मिळवायचा आणि डेव्हिसला गाण्याचे वेड होते. डेव्हिसने लंडनपाठोपाठ हेलसिंकीतही सुवर्णपदक उचलले. त्यावरचा ग्रीनस्पॅनचा पंधरा मिनिटांचा चित्रपट अमेरिकेच्या परराष्ट्र खात्याने विकत घेतला. कारण सरळ होते : सोव्हिएत रशिया त्या वर्षी पहिल्यांदाच ऑलिम्पिकला उतरला होता आणि आपल्याकडे काळ्या माणसाला मान मिळतो असे जगाला दाखवण्याची अमेरिकेला घाई होती. हेतू फारसा पवित्र नव्हता. पण त्या पंधरा मिनिटांनी डेव्हिसला जपून ठेवले आणि ग्रीनस्पॅनला जन्माचा धंदा मिळाला.

आणि आपले खाशाबा? छायाचित्रे आहेत, वर्तमानपत्रांची कात्रणे आहेत. बाकी सारे ‘सांगितले जाते’ या दोन शब्दांवर उभे आहे. एक कुस्ती संपताच त्यांना सोव्हिएत मल्लाशी लढायला उभे केले, मध्ये नियमाप्रमाणे विश्रांती मिळायला हवी होती, पण भांडायला आपला एकही अधिकारी जवळ नव्हता, असे सांगितले जाते. गावी परतल्यावर बैलगाड्यांची मिरवणूक निघाली, असे सांगितले जाते. गाड्या कोणी शंभर म्हणतो, कोणी एकशे एक्कावन्न. त्या मिरवणुकीतल्या खाशाबांचा चेहरा, घामाने डवरलेला बैल, गर्दीत कुठेतरी उभे असलेले खर्डेकर हे सारे हलताना आपल्यापैकी किती जणांनी पाहिले आहे?

ग्रीनस्पॅनच्या कामाची रीत समजून घेण्यासारखी आहे, कारण ती कोणालाही शिकता येईल. संकलन म्हणजे नको तेवढे कापून टाकणे अशी आपली समजूत असते. ती अर्धवट आहे. शंभर मीटरची शर्यत दहा सेकंदांत संपते. तीत कापण्यासारखे आहेच काय? तिथे संकलकाला उलटे काम करावे लागते. त्या दहा सेकंदांना त्यांचे वजन परत द्यावे लागते. ग्रीनस्पॅन आधी तुम्हांला त्या धावकाच्या गावी नेई, त्याच्या दुखावलेल्या पायाबद्दल सांगे, मग शर्यतीपूर्वीची ती न संपणारी मिनिटे दाखवी. शर्यत सुरू झाली की चित्रावर आवाज त्या धावकाचाच, पण मागाहून एखाद्या शांत खोलीत बसवून मुद्रित केलेला. इथे मी मान वळवली, इथे माझा श्वास संपला, असे तो स्वतः सांगत असतो. मधले निवेदन बहुधा ग्रीनस्पॅनच्या सख्ख्या भावाचे, डेव्हिड पेरीचे, कुठेही न किंचाळणारे. निकाल आपल्याला आधीच ठाऊक असतो आणि तरी छाती धडधडते. यात आपल्याला नवल वाटू नये. हरिश्चंद्राचे काय झाले हे ठाऊक असलेला श्रोताच कीर्तनाला येऊन बसतो आणि तोच डोळे पुसतो. बुवांनी पूर्वरंग नीट लावला की उत्तररंगाला काही अवघड उरत नाही.

पण ग्रीनस्पॅनची खरी थोरवी या कौशल्यात नाही. ती त्याच्या निवडीत आहे. १९६८ साली मेक्सिकोच्या मॅरेथॉनला पंचाहत्तर धावक निघाले आणि सत्तावन्न पोहोचले. सत्तावन्नावा होता टांझानियाचा जॉन स्टीफन अखवारी. वाटेत पडून त्याचा गुडघा निखळला होता. पट्टी बांधलेला तो पाय ओढत तो मैदानात शिरला तेव्हा इथिओपियाच्या मामो वोल्डेला जिंकून तासाहून जास्त वेळ झाला होता. अंधार पडला होता, थोडे लोक उरले होते. असा जिवावर उदार होऊन का धावलास, असे विचारल्यावर तो म्हणाला की, माझ्या देशाने मला पाच हजार मैलांवर शर्यत सुरू करायला पाठवलेले नाही, ती पुरी करायला पाठवले आहे. ग्रीनस्पॅनने हा प्रसंग आपल्या ऑलिम्पिक मालिकेत घेतला आणि जगभर पोहोचवला. आज मामो वोल्डेचे नाव जाणकारांनाच आठवते, अखवारीचे नाव शाळेतल्या मुलालाही ठाऊक असते. सुवर्णपदक एकाला मिळाले आणि स्मृती दुसऱ्याला. हा निकाल पंचांनी दिलेला नाही, तो कात्रीने दिला.

१९८४ च्या लॉस एंजेलिस ऑलिम्पिकचा अधिकृत चित्रपट त्याच्याकडे आला. ‘सिक्स्टीन डेज ऑफ ग्लोरी’ या नावाने तो प्रसिद्ध आहे. पडद्यावर जागा मिळवायला जगातले सारे विजेते रांगेत उभे असताना या गृहस्थाने डेव्ह मूरक्रॉफ्ट या ब्रिटिश धावकाला जागा दिली. मूरक्रॉफ्टने १९८२ साली पाच हजार मीटरचा जागतिक विक्रम केला होता. लॉस एंजेलिसच्या अंतिम शर्यतीत दुखऱ्या कंबरेने तो सर्वांत शेवटी आला. पुढे आपल्या गटातले सारे दिसेनासे झालेले असताना, निदान विजेत्याने एक फेरा मागे टाकून आपल्याला गाठू नये एवढ्यासाठी धावणारा तो विक्रमवीर एकदा पाहिला की विसरता येत नाही. त्यानंतर पंचवीस वर्षे ग्रीनस्पॅन ऑलिम्पिकमागून ऑलिम्पिक करत राहिला. त्याची शेवटची फिल्म २०१० च्या व्हँकुव्हरची. त्याची सहकारी आणि पत्नी कॅपी १९८३ सालीच गेली होती. तिचे नाव त्याने आपल्या कंपनीच्या पाटीवर अखेरपर्यंत ठेवले.

लॉस एंजेलिसचा समारोप १२ ऑगस्ट १९८४ रोजी झाला. १४ ऑगस्टला खाशाबा जाधव रस्त्यावरच्या अपघातात गेले. पोलीस खात्यातून निवृत्त झालेला, निवृत्तिवेतनासाठी खेटे घातलेला एक म्हातारा माणूस. त्यांना अर्जुन पुरस्कार मिळाला तो मृत्यूनंतर दीड दशकाने, आणि दिल्लीच्या कुस्तीच्या स्टेडियमला नाव मिळाले २०१० साली. अठ्ठावन्न वर्षे जिवंत असलेल्या या माणसासमोर कॅमेरा लावून ‘खाशाबा, हेलसिंकीचे सांगा’ असे म्हणायला पुरेसा वेळ होता. तो नीट, सावकाश बसून सांगत असलेला आणि खाली ती कुस्ती चाललेली, असा अर्धा तास आज आपल्याजवळ असता तर मी हा लेख लिहायला बसलो नसतो.

ग्रीनस्पॅनवर आक्षेप आहेत आणि ते मला मान्य आहेत. तो गोड होता. उत्तेजक औषधे, पैशाचा बाजार, बहिष्कारांचे राजकारण यांकडे तो फारसा वळला नाही. वाईट सांगायला बाकीचे पुष्कळ आहेत, मी चांगले सांगतो, असा त्याचा पवित्रा असे. साखरेचा हा हात कधी कधी सत्यावरही पडतो. १९३६ च्या बर्लिनमध्ये लांब उडीच्या पात्रता फेरीत जेसी ओवेन्स अडचणीत आला, तेव्हा लुत्झ लाँग या जर्मन प्रतिस्पर्ध्याने त्याला युक्तीची गोष्ट सांगितली, ही कथा तुम्ही वाचली असेल. ओवेन्स ती वर्षानुवर्षे सांगत आला. साठच्या दशकात ग्रीनस्पॅन त्याला घेऊन बर्लिनला गेला, त्याच स्टेडियममध्ये उभे करून अनुबोधपट काढला, आणि त्या मैत्रीची कीर्ती आणखी पसरली. पुढे टॉम एकर या ऑलिम्पिकच्या इतिहासकाराने खोदून विचारले तेव्हा ओवेन्सने कबूल केले की ते तसे घडले नव्हते. उडी झाल्यावर दोघे हातात हात घालून फिरले हे खरे, आणि हिटलरसमोर तेवढे करणे हेही थोडे नव्हे. खरे पुरेसे असताना त्यावर साखर पेरायची काय गरज होती?

याहून भयंकर उदाहरण त्याच बर्लिनचे आहे. लेनी रीफेन्श्टाल या बाईने १९३६ च्या त्या ऑलिम्पिकवर ‘ऑलिम्पिया’ हा चित्रपट काढला आणि स्वतःच संकलित केला. सुमारे चार लाख मीटर फिल्म तिच्या टेबलावर होती. ती कापायला दीड वर्षाहून अधिक काळ लागला. पहिला खेळ १९३८ साली हिटलरच्या वाढदिवशी झाला. पाण्यात सूर मारणारे खेळाडू त्यात आभाळात पक्ष्यांसारखे तरंगतात. काही तुकडे तर तिने उलटे लावले आहेत. संकलनकलेच्या वर्गात हा चित्रपट आजही दाखवावाच लागतो, आणि तो कोणाच्या पैशावर, कोणाच्या गौरवासाठी काढला हेही त्याच तासाला सांगावे लागते. कात्री उत्तम चालली म्हणजे ती भल्यासाठीच चालली असे नाही.

खाशाबांवर ग्रीनस्पॅनच्या पठडीतला गोड चित्रपट निघाला तर त्यात बैलगाड्या येतील आणि निवृत्तिवेतनाची फाईल येणार नाही. मला दोन्ही हव्या आहेत.

ऑलिम्पिकपटांत मला जपानच्या कोन इचिकावाचे काम सर्वांत जवळचे वाटते. १९६४ च्या टोकियो ऑलिम्पिकवर त्याने काढलेला चित्रपट १९६५ साली आला. आयोजकांना जपानच्या नव्या वैभवाची जाहिरात हवी होती. त्याने दिले पावसात भिजणारे प्रेक्षक, धावकांच्या मानेच्या शिरा आणि आफ्रिकेतल्या चाड देशाचा एक एकाकी धावक, जो अंतिम फेरीला पोहोचतही नाही. सरकारातली बडी मंडळी नाराज झाली आणि चित्रपटाच्या निरनिराळ्या लांबीच्या आवृत्त्या निघाल्या. त्याच टोकियोत भारताने पाकिस्तानला हरवून हॉकीचे सुवर्णपदक परत मिळवले आणि त्या संघात आपल्या बेळगावचे बंडू पाटील होते. चाडच्या धावकाला इचिकावा भेटला. बंडू पाटलांना आपल्या गावातला कोण भेटला?

‘आमच्याकडे तशी साधनेच नव्हती’ हे उत्तर काल चालत होते. आपली क्रीडास्मृती कानांनी आणि छापील कागदाने जपली हेही खरे आहे. बाळ ज. पंडितांनी क्रिकेटचे मराठी समालोचन घराघरांत नेले, वि. वि. करमरकरांनी मराठी वर्तमानपत्रात खेळाला स्वतःचे पान मिळवून दिले. कपिलदेवने १८ जून १९८३ रोजी झिंबाब्वेविरुद्ध केलेल्या नाबाद १७५ धावांचे चित्रीकरण उपलब्ध नाही आणि तरी ती खेळी देशभर जिवंत आहे. पण ती कपिलदेवची होती आणि पुढे आपण विश्वचषक जिंकलो. अशी शब्दांची पुण्याई बाराशे रुपये इनामाच्या कुस्तीला कोठून मिळणार?

आज साधनांची तक्रार करायला जागा उरलेली नाही. आनंदवाडीच्या आखाड्यात कुस्त्यांचे मैदान भरले की मल्लांपेक्षा वर धरलेले मोबाईल जास्त दिसतात. चित्रीकरणाचा दुष्काळ संपला आणि संकलनाचा सुरू झाला. कारण पुढे होते काय? वीस मिनिटांच्या कुस्तीतला ढाक लागतो तेवढा क्षण कापला जातो, त्यावर एखादे सिनेमातले गाणे चढवतात आणि तो तुकडा गावभर फिरतो. खडाखडी गेली, दमछाक गेली, वस्तादाचा बाहेरून येणारा आवाज गेला. चितपट झालेल्या पोराचे तर नावही खाली नसते. तो कोणत्या तालमीचा, कोणाचा मुलगा, दुसऱ्या दिवशी पहाटे जोर काढायला परत आला की नाही, याची कोणाला पर्वा नाही. लाखभर लोक त्याची पाठ मातीला लागलेली पाहतात आणि त्याला ओळखत नाहीत. जिंकणारा वर्षाला दहा कुस्त्या जिंकतो आणि हरणारे त्या दहांमध्ये दहा असतात. मग कुस्तीचा इतिहास एकाच्याच फोनमध्ये का राहावा?

हा पेशा म्हणून कोणी निवडावा काय? घरी सांगून पाहा, काय उत्तर मिळते ते मला कळवा. लिऑन गास्ट या अमेरिकन दिग्दर्शक-संकलकाने १९७४ साली किन्शासात झालेल्या महंमद अली आणि जॉर्ज फोरमन यांच्या लढतीच्या वेळी चित्रीकरण केले आणि ‘व्हेन वी वेअर किंग्ज’ हा चित्रपट लोकांपुढे आला १९९६ साली. मधली बावीस वर्षे पैशांच्या आणि हक्कांच्या भांडणांत गेली. पुढच्या वर्षी त्याला ऑस्कर मिळाले, पण बावीस वर्षे दूधवाल्याला ऑस्करवर उधारी मागता येत नाही. ‘हूप ड्रीम्स’ या १९९४ च्या चित्रपटात शिकागोच्या दोन गरीब बास्केटबॉलपटू मुलांची कथा आहे. अडीचशे तासांच्या चित्रीकरणातून तीन तासांहून कमी लांबीचा चित्रपट काढायला त्याच्या कर्त्यांनी वर्षे घालवली. हे सारे ऐकून ज्याची भूक मरत नाही त्याने पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटची वाट धरावी, तिथे संकलन शिकवतात, आणि ते आपल्यापासून एका रात्रीच्या अंतरावर आहे. बाकीच्यांनी निदान हौशीने तरी हात घालावा. आपल्या जिमखान्याकडे दरवर्षी ढालींसाठी पैसे निघतात. त्यांतून एक ध्वनिमुद्रणाचा बरासा माईक घ्यायला हरकत नसावी. चित्र कसेही चालते, आवाज खराब असला की सारे गेले.

आणि या कामाला भाषेची भिंत आड येऊ नये. आपल्या अंकाला मराठी आणि कन्नड असे दोन विभाग आहेत, पण आखाडा एकच आहे. पलीकडच्या गावात त्याला गरडी म्हणतात, अलीकडे तालीम म्हणतात, माती तीच आणि बदामही तेच. धारवाडकडचा मल्ल आणि चंदगडचा मल्ल सलामी देताना दुभाषा मागत नाहीत. या सुट्टीत मराठी आणि कन्नड विभागांतल्या दोघा-दोघांनी मिळून सत्तरी ओलांडलेले चार मल्ल गाठावेत. त्यांना जिंकलेल्या कुस्तीबद्दल विचारूच नका, ती ते न विचारता सांगतील. हरलेली विचारा आणि मग गप्प बसा. म्हातारा माणूस मधे बराच वेळ थांबतो. तो थांबलेला असताना कॅमेरा बंद करू नका, आणि नंतर संकलन करताना ते थांबणे कापूही नका. मुद्रण संपले की डबीवर, म्हणजे हल्लीच्या भाषेत फाईलवर, तारीख घाला, आणि त्या कुस्तीत समोर कोण होता त्याचेही नाव, गाव आणि तालीम लिहा. दोन्ही लिप्यांत लिहिलेत तर शोधणाऱ्याची सोय होईल.